सोवळ्यातल्या तीन वह्या

अक्का, आधी कबुली देते, मग बाकीचं. तुम्ही न वाचता उलटलेलं एकोणतिसावं पान मी वाचलं. तुमच्या मागे नाही, तुम्ही होतात तेव्हाच. दुपारी तुमचा डोळा लागला होता, मी हातपाय धुतले आणि वही उघडली. त्यानंतर सहा महिने रोज घरून निघताना ठरवायची की आज सांगायचं. तुमच्या दारात चप्पल काढेपर्यंत धीर टिकायचा, पुढे टिकायचा नाही. मग तुम्हीच गेलात.

इथल्या मराठी मंडळाच्या अंकासाठी तुमच्यावर लिहा असं तुमच्या भाच्यांनी, नानांनी सांगितलं, तेव्हा मी म्हटलं, माझी सातवी, मला काय येतं. ते म्हणाले, "मावशीनं तुमच्याकडून तीन वर्षं लिहवून घेतलं ना? मग बस." तुमची शाळा, तुमच्या वर्गातल्या मुली, मिळालेली शाल-श्रीफळं, ते सगळं लिहिणारे पुष्कळ आहेत. मला फक्त वह्यांचं माहीत आहे.

मी तुमच्याकडे आले ती पोळ्या करायला. ह्यांना इकडे सोयाबीनच्या कारखान्यात बॉयलरवर काम लागलं आणि सांगोल्याहून आम्ही एकदम उज्जैनला येऊन पडलो. नानाखेड्याला एक खोली. आजूबाजूला सगळी हिंदी. भाजीवाल्याशी बोलताना मला घाम यायचा, एसटीडीच्या बूथवर नंबर सांगायचा तरी मी आधी मनात तीनदा म्हणून बघायची. कुणीतरी सांगितलं, फ्रीगंजात टावर चौकाच्या मागे एक मराठी मास्तरीणबाई एकट्या राहतात, त्यांना बाई पाहिजे. मला वाटलं, चला, आपली भाषा तरी कानावर पडेल. पहिल्याच दिवशी तुम्ही म्हणालात, "नळ येऊन राहिला आहे, जल्दी बादली लाव." मी बघतच राहिले, ही कुठली मराठी? आणि मी "का ओ?" म्हटलं की तुम्ही आठ दिवस माझी नक्कल करत होतात. पुढे आपली दोघींची मिळून एक तिसरीच मराठी झाली. गावी गेले की आई म्हणते, तू आता 'बिलकुल' फार म्हणतेस.

वह्यांचं काम एका टिपणामुळे निघालं. दुधाचं सांगून ठेवायचं होतं, मी चिठ्ठी लिहिली, तुम्ही ती चष्मा लावून वाचलीत. मला वाटलं चुका काढणार. तुम्ही म्हणालात, "अक्षर गोल आहे तुझं. सुटं सुटं आहे. ये इकडे." आणि देवघरातून लाल फडक्यात बांधलेलं बोचकं काढलंत.

मी मागे सरकले. देवघरातली वही, सोवळ्यातली, मी पीठ मळल्या हाताची. तुम्ही काय म्हणालात ते मला अजून तसंच्या तसं ऐकू येतं.

"आईनं सोवळं लावलं ते पुरुषांनी हात लावू नये म्हणून. तू लाव."

अंक वाचणाऱ्यांना हे सांगायला हवं, कारण तुमच्या नात्यातल्यांनाही ते माहीत नव्हतं. तुमच्या आईनं चातुर्मासाचा नेम धरला होता. कुणी मीठ सोडतं, कुणी वांगं सोडतं, कुणी मौनानं जेवतं. तुमच्या आईनं रामनाम लिहायचं धरलं, लाख पुरे होईपर्यंत. रोज दुपारी, जेवणं झाल्यावर, ओलेत्यानं सोवळं नेसून, एक तास. तो तास कुणी तिला हाक मारायची नाही आणि त्या वहीला कुणी शिवायचं नाही. दौत आणि कागद तुमचे वडील स्वतः आणून द्यायचे. महाराजांच्या दफ्तरात कारकून होते ते. राज्य महाराजांचं आणि महाराजांवर गोरा साहेब, अशा त्या दिवसांत बायको लाख रामनाम लिहिते ही त्यांना दफ्तरात सांगण्याजोगी गोष्ट होती.

आणि ती लिहीत होती स्वतःचं. वहीची पहिली दोन पानं 'श्रीराम श्रीराम', शेवटची दोन पानं 'श्रीराम श्रीराम', मधे सगळी मोडी. भावाच्या शेजारी बसून चोरून शिकलेली. हात न उचलता लिहिता येतं म्हणून मोडी. तास लहान होता. दर साली लोक विचारायचे, झाले का लाख? ती म्हणायची, अजून नाहीत. अशी सात वर्षं, सात वह्या.

त्यातल्या तीन उरल्या. चार वह्यांचं तुम्ही एकदाच बोललात, मटार सोलता सोलता. आई गेल्यावर वडिलांनी देवघरातल्या चार वह्या डोक्यावर घेतल्या, रामघाटावर नेल्या आणि नामघोष करत क्षिप्रेत सोडल्या. रामनाम लिहिलेलं पाण्यातच सोडायचं असतं. त्यांनी अगदी भक्तीनं सोडलं. पायरीवर तुम्ही उभ्या होतात. तेव्हा तुम्ही नोकरीला होतात, वर्गात चाळीस पोरी गप्प करत होतात, आणि घाटावर तुमच्या तोंडून शब्द निघाला नाही. बोलावं तर वडील वही उघडून वाचणार, त्यांना मोडी येत होती. न बोलावं तर वही जाणार. "मी तोंड उघडलं नाही," एवढं म्हणालात आणि मटाराची सालं उचलून आत गेलात. बाकीच्या तीन वह्या बाळंतपणाच्या कपड्यांच्या ट्रंकेत होत्या. तिथेही पुरुषांचा हात जात नाही.

तर ते आपलं काम, कधीतरी छापायला द्यायचं म्हणून. पोळ्या झाल्या की मी खाली बसायची, तुम्ही खुर्चीत. तुम्ही मोडी वाचायचात, मी बाळबोधीत उतरवायची. शेजारच्यांकडे केबल आलं होतं, भिंतीपलीकडून दिवसभर गाणी चालायची, आणि इकडे तुमची आई प्लेगच्या झोपड्यांत राहायला गेलेली असायची. ते पान मला फार आवडायचं. प्लेग आला म्हणून सगळं गाव शेतात जाऊन राहिलं, आणि तिनं लिहिलं होतं की इथे स्वयंपाकघराला दार नाही, त्यामुळे आभाळ दिसते. लोक मरत आहेत आणि मला बरे वाटते, हे कुणास सांगावे. आणि ती मुलींच्या शाळेत बक्षीस वाटायला आलेली मडम! मडमेच्या मोज्याला भोक होतं, ते फक्त पहिल्या रांगेतल्या पोरींना दिसलं, आणि तुमच्या आईनं लिहिलं की तेव्हापासून मला तिची भीती वाटली नाही. त्या दिवशी तुम्हाला हसताना ठसका लागला, पाणी द्यावं लागलं.

मला लिहिताना भीती वाटायची, हे तुम्हाला ठाऊक होतं. ऱ्हस्व-दीर्घ चुकेल, आईंच्या शब्दाला माझ्या हातून काही होईल. तुम्ही म्हणायचात, "अगं कारकूनबाई, तिलाही दोन इयत्तांपुढे कुणी शिकवलं नव्हतं. चल, पुढे." तुमच्यामुळे माझी ती भीती कमी झाली. गेली नाही, कमी झाली.

आणि मग ते पान. अठ्ठाविसावं संपलं, तुम्ही बोट ओलं केलंत, पान उलटलंत आणि सरळ एकतिसावं वाचायला लागलात. मोडी तेव्हा मला येत नव्हती, पण कोपऱ्यातले आकडे कळत होते. मी विचारलं, "एकोणतीस, तीस?"

"त्यात काही नाही. रामनाम आहे."

मधल्या पानांत रामनाम कधीच नव्हतं. माझं तोंड पडलं असणार, कारण दुसऱ्या दिवशी तुम्हीच विषय काढलात. मी म्हटलं, छापायचं तर सगळं छापा, नाहीतर काहीच नको. तुम्ही म्हणालात, आईचं झाकायचं ते मुलीनं झाकायचं. मी म्हटलं, मग आईंनी लिहिलं कशाला? तुम्ही रागावलात. त्या दिवशी चहा घेतला नाहीत. पुढे कितीदा तरी आपण तेच भांडण भांडलो, कधी कणकेवरून सुरू व्हायचं, कधी गॅसच्या नंबरावरून, पण असायचं तेच.

मधेच एकदा, भांडण नसताना, तुम्ही विचारलंत, "तुला शाळेतून कुणी काढलं?"

मी सांगितलं, आईनं. धाकटा भाऊ अंगावर पीत होता, ती खुरपायला जायची, त्याला कुणी सांभाळायचं? मी.

"रागावलीस तिच्यावर?"

म्हटलं, राग काय करायचा अक्का, भूक होती.

तुम्ही खिडकीतून बाहेर बघत होतात. म्हणालात, "आणि भूक नसती तर?"

मी कप विसळायला उठले. मला वाटलं, तुम्ही माझ्याविषयी विचारताय.

तुमच्या डोळ्यांत मोतीबिंदू पिकायला लागले आणि ऑपरेशनला तुम्ही घाबरत होतात. वर्गातल्या पोरींना धाक घालणाऱ्या तुम्ही, आणि डॉक्टरचं नाव काढलं की गॅस बंद केलाय का बघायला उठायचात. तेव्हा तुम्ही मला मोडी शिकवायला घेतली. पाटीवर, खडूनं, हात न उचलता. पुढे डोळे गेले तर तू वाच, मी ऐकेन, म्हणालात. मला आता वाटतं, माझ्या हातात ही अक्षरं दिली की एकोणतिसावं पान फार दिवस झाकलेलं राहणार नाही, हे तुम्हाला कळत नव्हतं असं कसं होईल? पण हे मी माझं मन राखायला म्हणत असेन. चोरी ती चोरीच.

पानावर एवढंच आहे. मी जसंच्या तसं उतरवलंय:

"मथूस आजपासून शाळेत धाडिले नाही. धाकटी फार रडते, लिहू देत नाही. मथू मांडीवर घेऊन बसली म्हणजे गप्प राहते. घरात सांगितले, मथूस खोकला आहे, मास्तरांनी घरी ठेवा म्हटले. खोकला नाही. मला माझा तास हवा."

मथू तुमची थोरली बहीण. धाकटी तुम्ही.

मी वही मिटली, जशी होती तशी बांधली, फडक्याची गाठसुद्धा तशीच मारली. पान उलटून मागे बघायचा धीर झाला नाही. तुम्ही कूस बदलली आणि मी कणीक मळायला गेले. त्या दिवशी पोळ्या वातड झाल्या, तुम्ही बोललात, मी ऐकून घेतलं.

आता तुम्ही नव्हतात तेव्हाचं सांगते.

दहाव्याच्या आदल्या दिवशी दुपारी नाना आले. तुमचे भाचे, मथूताईंचे चिरंजीव, बँकेत काम करणारे. अंकात एक लिहिलंच पाहिजे: दहा दिवस सगळं त्यांनीच निभावलं, एका शब्दानं कुणाला दुखावलं नाही. मी भांडी घासून पालथी घालत होते. ते देवघरासमोर बसले, लाल बोचकं डोक्याला लावलं आणि आणलेल्या पिशवीत ठेवलं. म्हणाले, "शालनताई, आजीच्या रामनामाच्या या वह्या उद्या अस्थींबरोबर सोडून देऊ. मावशीनं जिंदगीभर सांभाळल्या. आता कोण सोवळं पाळणार?"

तुम्हीच त्यांना सांगितलं होतंत ना, की रामनाम आहे म्हणून. त्यांनी वहीला हात लावू नये म्हणून. आणि आता तेच रामनाम वह्यांना घाटावर घेऊन निघालं होतं.

मी म्हटलं, नाना, चहा ठेवते. दुसरं काही सुचलंच नाही. चहात साखर घातली नाही हे त्यांनी पहिल्या घोटाला सांगितलं, तेव्हा मला कळलं. मी कोण? पोळ्यांची बाई. घरातल्या माणसांच्या धर्मकार्यात मी बोलायचं? त्यांना वाटलं असतं, हिला काही ठेवून घ्यायचंय. ह्यांना कळलं असतं तर तेही म्हणाले असते, आपल्याला काय करायचंय, परगावात राहतो आपण. आणि बोलले तर पुढचा प्रश्न येणारच की आत काय आहे. आत त्यांच्याच आईचं होतं. तुम्ही पायरीवर का गप्प राहिलात ते मला त्या दुपारी कळलं, अक्का. सगळं पाठ असतं, जीभ उचलत नाही.

ते पिशवी घेऊन चपला घालत होते. मी दारात उभी राहिले.

"नाना, ते रामनाम नाही."

त्यांनी पिशवी खाली ठेवली, वही काढली, पहिलं पान उघडून माझ्यापुढे धरलं. श्रीराम श्रीराम. रागावले नाहीत, हसलेच जरा. "हे काय आहे मग?"

"पुढे बघा."

पुढे त्यांनी बघितलं. "ही तर मोडी आहे. मला नाही येत."

"मला येते."

"तुम्हाला?" ते म्हणाले. मग म्हणाले, "मावशीनं शिकवली?" मी मान हलवली. ते खुर्चीत बसले, तुमच्याच. "वाचा."

प्लेगचं पान होतं, अक्का. मडमेचं होतं. दोन्ही मला तोंडपाठ. त्यातलं एखादं वाचलं असतं तर नाना खूश झाले असते आणि वह्या वाचल्या असत्या. बोट तिकडे जातही होतं. पण मग मीही तुमच्यासारखं उलटून टाकलं असतं आणि पुढे कधीतरी त्यांना ते पान सापडलं असतं, तेव्हा आपण दोघी त्यांच्याशी खोटं वागलो असं झालं असतं. मी एकोणतिसावं काढलं आणि वाचलं. आवाज बारीक झाला असेल, पण सगळं वाचलं.

बाहेर टावर चौकातले रिक्षावाले ओरडत होते. मग नाना म्हणाले, "आई सगळ्यांना सांगायची, लहानपणी मला खोकला होता म्हणून शाळा सुटली. आम्ही तिला थंड काही देत नव्हतो. साठी उलटली तरी."

मी खाली बघत होते.

"माझ्याच बँकेत, माझ्याच काउंटरवर ती अंगठा लावायची. शाई मी पुसायचो." ते उठले आणि गॅलरीत जाऊन उभे राहिले. पाठमोरे. मला वाटलं, आता येतील, बोचकं उचलतील आणि घाटावर नव्हे, नाल्यात टाकतील. टाकलं असतं तरी मला काही म्हणता आलं नसतं.

आत आले ते विचारलं, "मावशीला मालूम होतं हे?"

मी म्हटलं, होतं. म्हणूनच हे पान त्या वाचत नव्हत्या.

अक्का, बहिणीच्या तोंडून तो खोकला तुम्ही किती वर्षं ऐकलात? प्रत्येक दिवाळीला, प्रत्येक मंगळागौरीला? आणि दरवेळी गप्प?

नाना म्हणाले, "आईचं नाव कुठे आहे यात?" मी दाखवलं. त्यांनी चष्मा कपाळावर ढकलला, वही जवळ घेतली, बोट अक्षरावर ठेवलं. "हे एवढंच?"

"हो. मथूस."

त्यांनी बँकेच्या पॅडचा कागद काढला आणि तसंच उतरवायला लागले. हात उचलायचा नाही, मी सांगितलं. तिसऱ्या वेळी जमलं. कागदाची घडी खिशात घातली आणि वही माझ्याकडे दिली.

"आईचं नाव आहे त्याच्यात, ते पाण्यात नाही सोडणार. पण आजीवरचा राग मी सोडून राहिलो नाही, सांगून ठेवतो. तुम्ही पूर्ण करा. आणि हे पान असू द्या."

दुसऱ्या दिवशी रामघाटावर फक्त तुमच्या अस्थी गेल्या. मी तुमच्याच पायरीवर उभी असेन किंवा नसेन, पायऱ्या किती आहेत तिथे. पाणी उथळ होतं, झेंडूची फुलं लगेच परत काठाला येत होती, गुरुजी ती काठीनं ढकलत होते. तुम्ही असता तर म्हणाला असतात, फुलांनाही घाई नाही, याला बघ किती आहे.

तुमच्या त्या प्रश्नाचं उत्तर आता देते. भूक नसती तर रागावले असते का? भूक होतीच, अक्का. तुमच्या आईलाही होती, नाहीतर कुणी एवढं लाखभर खोटं रामनाम लिहील? पण भूक होती म्हणून माझी सातवी पुढे सरकली नाही आणि मथूताईंच्या बोटाची शाई निघाली नाही. मी आईवर रागावते. तिला दर रविवारी फोनही करते. दोन्ही चालू असतं. तुम्हीही तसंच करायला हवं होतं. तुम्ही एकच निवडत बसलात. तुमचं ते रडणं हा काही तुमचा गुन्हा नव्हता. तान्हं मूल आणखी काय करणार?

आणि एक. परवा एकोणतिसावं पान नीट उतरवून झालं आणि मी ते उलटलं. तिसाव्या पानावर खरंच रामनाम आहे. वरपासून खालपर्यंत, एक ओळ मोकळी न सोडता, समासातसुद्धा. तिन्ही वह्यांत मधे कुठेही नाही, फक्त तिथे, मथूताईंकडून घेतलेल्या तासात. तुम्ही मला खोटं सांगितलं नव्हतंत, अर्धं सांगितलं होतंत.

मी तेही उतरवतेय, एकेक. सगळं एकसारखंच आहे म्हणून 'इत्यादी' लिहून सोडलेलं नाही. नानांना अजून काही बोलले नाही. वह्या छापून आल्यावर ते आईचं पान वाचतील, आणि मग स्वतःच्या हातानं उलटतील.